केईएमपासून खराडीपर्यंत

नगर रस्त्याने वाघोलीच्या दिशेने निघालं आणि चंदननगर मागे पडलं की खराडी बायपासचा चौक लागतो. मुळा-मुठेच्या काठचं हे गाव आता एऑन आयटी पार्क, वर्ल्ड ट्रेड सेंटर आणि त्यांच्याभोवती उभ्या राहिलेल्या इमारतींमुळे ओळखलं जातं. गावठाण आहे, पण ते शोधावं लागतं. या भागातल्या दुकानांच्या वर, बँका आणि दातांच्या दवाखान्यांच्या शेजारी, वंध्यत्व उपचार केंद्रांच्या पाट्या दिसतात. हसऱ्या बाळाचं चित्र, ‘आयव्हीएफ’ ही अक्षरं, कुठे यशाची टक्केवारी, कुठे हप्त्यांची सोय. नोकरीसाठी लातूर, नांदेड, अकोला, जळगावहून आलेली, तिशीच्या आसपास संसाराला लागलेली जोडपी या पायऱ्या चढतात. गावाकडून फोन आला की आई दबक्या आवाजात विचारते, ‘काही गोड बातमी?’ आणि इकडे सून पोटात इंजेक्शन टोचून घेऊन लॅपटॉपसमोर बसलेली असते.

या पाट्या इतक्या अंगवळणी पडल्या आहेत की त्यांच्यामागे काही इतिहास असेल असं कुणाच्या मनात येत नाही. तो आहे, आणि त्यातला मोठा भाग आपल्याच राज्यात घडलेला आहे. त्याचा माग काढत गेलं तर आपण परळला, मुंबई महापालिकेच्या रुग्णालयात पोचतो.

६ ऑगस्ट १९८६ या दिवशी केईएम रुग्णालयात एक मुलगी जन्माला आली. तिचं नाव हर्षा. तिच्या आईच्या शरीरातून स्त्रीबीज बाहेर काढून, प्रयोगशाळेत त्याचं फलन घडवून, तयार झालेला भ्रूण पुन्हा गर्भाशयात ठेवलेला होता. हे करणाऱ्या डॉक्टर होत्या इंदिरा हिंदुजा. देशभरच्या वर्तमानपत्रांनी ‘भारतातली पहिली टेस्ट ट्यूब बेबी’ म्हणून ही बातमी छापली. ‘पहिली’ या शब्दाबद्दल पुढे बरंच बोलायचं आहे. आधी हे सगळं कुठे घडलं ते पाहू, कारण मला त्या जागेचं महत्त्व फार वाटतं.

केईएम आणि त्याला जोडलेलं सेठ गोर्धनदास सुंदरदास मेडिकल कॉलेज १९२६ मध्ये सुरू झालं. देणगी देणाऱ्या विश्वस्तांची अट होती की इथले अध्यापक भारतीयच असतील. गिरणगावातल्या कामगारांचं, कोकणातून बोटीने आलेल्यांचं, फूटपाथवर राहणाऱ्यांचं हे रुग्णालय. केसपेपर काढायचा, बाकड्यावर बसायचं, नंबर आला की आत जायचं. आज जो उपचार लाखाच्या घरात जातो, त्याची आपल्या राज्यातली पहिली यशस्वी नोंद अशा रुग्णालयात झाली. तिथे येणाऱ्या बाईजवळ पैसे नसतात हे डॉक्टरांना ठाऊक असतं.

केईएमच्या जवळच परळमध्ये भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेची, म्हणजे आयसीएमआरची, एक संस्था आहे. तेव्हा तिचं नाव ‘इन्स्टिट्यूट फॉर रिसर्च इन रिप्रॉडक्शन’ होतं. हिंदुजा यांच्या कामातली प्रयोगशाळेची बाजू या संस्थेने सांभाळली. तिचे संचालक होते डॉ. टी. सी. आनंद कुमार. ते प्रजननविषयक जीवशास्त्रज्ञ. त्यांच्याबरोबर पुरी, गोपालकृष्णन असे संशोधक होते. या संस्थेची जन्मकथा ऐकण्यासारखी आहे. १९५४ मध्ये ती गर्भनिरोधक साधनांची चाचणी करणारा एक छोटा विभाग म्हणून सुरू झाली. १९५२ मध्ये सरकारने कुटुंबनियोजनाचा राष्ट्रीय कार्यक्रम हाती घेतला होता आणि गर्भनिरोधकं तपासून घेणारं कुणीतरी हवं होतं. १९७० मध्ये त्याची पूर्ण संस्था झाली. मूल होऊ नये यासाठी जिथे काम सुरू झालं, तिथेच मूल व्हावं यासाठीचं ज्ञान साठत गेलं.

यात नवल वाटायचं कारण नाही. स्त्रीबीज कधी पिकतं, कोणतं संप्रेरक कधी वाढतं, शुक्राणू बीजापर्यंत कसा पोचतो, हे कळल्याशिवाय गर्भधारणा थांबवताही येत नाही आणि घडवताही येत नाही. अमेरिकेत ग्रेगरी पिंकस आणि एम. सी. चँग यांनी गर्भनिरोधक गोळी आणली. त्याच पिंकसने १९३०च्या दशकात सशाच्या बीजांचं शरीराबाहेर फलन करण्याचे प्रयोग केले होते, आणि चँगने १९५९ मध्ये तशा फलनातून सशाची जिवंत पिल्लं जन्माला घालून दाखवली होती. मुंबईपुरतं बोलायचं तर १९२१ मध्ये रघुनाथ धोंडो कर्व्यांनी संततिनियमनाचं केंद्र काढलं, त्यापायी प्राध्यापकी गमावली आणि १९२७ पासून १९५३ मध्ये मृत्यू येईपर्यंत ‘समाजस्वास्थ्य’ मासिक एकहाती चालवलं. मूल कधी आणि किती हे बाईने ठरवावं, हा त्यांचा आग्रह. मला वाटतं, मूल हवं असणाऱ्या बाईलाही तोच आग्रह लागू पडतो. लोकसंख्या आवरू पाहणाऱ्या देशाने मुलं जन्माला घालण्याचं तंत्र कशाला जोपासावं, असा आक्षेप तेव्हा घेतला जाई. त्याचं उत्तर याच आग्रहात आहे. कुटुंबनियोजनाच्या लाल त्रिकोणाच्या भिंतीवरच्या जाहिराती वाचत मूल न होणारी बाई रस्त्याने जात होती, तेव्हा तिच्या दुःखाची मोजदाद कुणीच करत नव्हतं. तिला बारशाला बोलवत नव्हते, तिच्या हाताने ओटी भरून घेत नव्हते. आपल्या भाषेत तिच्यासाठी जे शब्द आहेत ते इथे लिहायचीही गरज नाही, ते सगळ्यांना पाठ आहेत.

आता काम कसं चाले ते सांगतो. आज इंजेक्शनांच्या मदतीने बीज काढायची वेळ डॉक्टर ठरवू शकतात. सुरुवातीच्या वर्षांत, बहुतेक ठिकाणी, शरीर ठरवेल ती वेळ पाळावी लागे. रक्तात किंवा लघवीत एलएच हे संप्रेरक एकाएकी वाढलं की पुढच्या ठरावीक तासांत बीज फुटणार, म्हणून ठरावीक तासांनी नमुने तपासत राहायचं. मध्यरात्री वेळ आली तर मध्यरात्री ऑपरेशन थिएटर उघडायचं. पोटावर छोटा छेद देऊन दुर्बिणीने बीजांडकोश पाहायचा, सुईने बीजकोशातला द्रव ओढून घ्यायचा, तो धावत प्रयोगशाळेत न्यायचा, सूक्ष्मदर्शकाखाली बीज शोधायचं. भ्रूण ज्या द्रावात वाढतो तो आज सीलबंद बाटल्यांत मिळतो. तेव्हा प्रयोगशाळा तो स्वतः बनवत, आणि पाण्यात किंवा काचेवर किंचित अशुद्धी राहिली तरी सगळं वाया जाई. डॉक्टर आणि शास्त्रज्ञ यांच्यात इतकं घट्ट सहकार्य लागणारं काम वैद्यकात थोडंच असेल. डॉक्टरने बीज कितीही कौशल्याने काढलं तरी पलीकडच्या खोलीत ते जगवणारा माणूस नसेल तर उपयोग शून्य. म्हणूनच हिंदुजा यांचं नाव घेताना आनंद कुमार आणि त्यांच्या सहकाऱ्यांचंही घेतलं पाहिजे. परळच्या या कार्यक्रमाचा वृत्तांत १९८८ मध्ये आंतरराष्ट्रीय नियतकालिकात छापून आला तोही चौघांच्या नावाने.

हा उपचार मुळात कुणासाठी जन्माला आला? ज्यांच्या गर्भनलिका बंद आहेत अशा स्त्रियांसाठी. बीज आणि शुक्राणू यांची भेट नलिकेत होते. वाटच बुजली असेल तर भेट बाहेर घडवायची, एवढाच मूळ विचार. २५ जुलै १९७८ रोजी इंग्लंडमधल्या ओल्डहॅमला लुईस ब्राऊन जन्मली. तिच्या आईची अडचण हीच होती. रॉबर्ट एडवर्ड्स, पॅट्रिक स्टेप्टो आणि जीन पर्डी या तिघांचं ते काम. आपल्याकडे नलिका बंद होण्याचं एक मोठं कारण क्षयरोग हे आहे. खोकला नाही, ताप नाही, आणि जननेंद्रियांतला क्षय आतल्या आत नलिका चिकटवून टाकतो. लग्नानंतर काही वर्षांनी तपासणीत कळतं, तेव्हा वेळ गेलेली असते. कोंदट चाळींचा, अर्धपोटी राहण्याचा हा रोग आहे, म्हणजे गरिबीचा. आयव्हीएफ श्रीमंतांची चैन आहे असं म्हणणाऱ्यांनी एवढं लक्षात घ्यावं.

नलिकांच्या या अडचणीवर आयव्हीएफच्या आधीही हात चालवणारे सर्जन मुंबईत होते, आणि त्यांच्यातलं सर्वांत मोठं नाव आपल्या माणसाचं आहे. विठ्ठल नागेश शिरोडकर, जन्म १८९९, गोव्यातल्या शिरोड्याचे. ग्रँट मेडिकल कॉलेजात शिकले, १९२७ मध्ये एम.डी. झाले, १९३१ मध्ये इंग्लंडहून एफआरसीएस होऊन आले. बंद नलिका शस्त्रक्रियेने उघडण्याचं काम त्यांनी केलं. पण जगभर त्यांचं नाव राहिलं ते एका टाक्यामुळे. काही स्त्रियांना दिवस राहतात, तीन-चार महिने सगळं सुरळीत जातं आणि मग कळा न येताच गर्भ गळून पडतो. पुन्हा दिवस राहतात, पुन्हा तेच. शिरोडकरांनी ओळखलं की दोष गर्भाचा नाही, गर्भाशयाचं तोंड सैल आहे आणि वजन वाढलं की ते आपोआप उघडतं. त्यांनी स्त्रीच्याच मांडीतली चिवट पट्टी काढून त्या तोंडाभोवती आवळून बांधली. हे त्यांनी १९५५ मध्ये प्रसिद्ध केलं. आजही जगातल्या कुठल्याही प्रसूतिगृहात ‘शिरोडकर’ म्हटलं की डॉक्टरांना टाकाच आठवतो. १९७१ मध्ये पद्मविभूषण मिळालं, त्याच वर्षी ते गेले. तेही कुटुंबनियोजनाच्या चळवळीत होते. मूल नको असणारी आणि मूल हवं असणारी, दोघींना एकाच डॉक्टरच्या दारात जागा असण्याची ही परंपरा परळच्या आधीची आहे, आणि ती मला अभिमानाची वाटते.

आता ‘पहिली’ या शब्दाकडे येतो. लुईस ब्राऊननंतर सत्तर दिवसांनी, म्हणजे ३ ऑक्टोबर १९७८ ला, कोलकात्यात एक मुलगी जन्मली. दुर्गापूजेच्या दिवसांतली म्हणून तिला ‘दुर्गा’ म्हणत. डॉक्टर होते सुभाष मुखोपाध्याय. बरोबर क्रायोबायोलॉजिस्ट सुनीत मुखर्जी आणि स्त्रीरोगतज्ज्ञ सरोजकांती भट्टाचार्य. मुखोपाध्यायांनी इंजेक्शनं देऊन एकाहून अधिक बीजं तयार करवली, ती योनिमार्गाने काढली, भ्रूण गोठवून ५३ दिवस ठेवला आणि नंतरच्या पाळीच्या चक्रात गर्भाशयात सोडला. त्यांचं म्हणणं कुणी मानलं नाही. राज्य सरकारने नेमलेल्या समितीने दावा अविश्वसनीय ठरवला. परदेशी जाऊन काम मांडायची परवानगी नाकारली गेली. १९८१ मध्ये त्यांची बदली नेत्ररोगाच्या संस्थेत झाली. संप्रेरकांवर उभं आयुष्य घालवलेल्या माणसाला डोळ्यांच्या विभागात! त्याच वर्षी त्यांनी आत्महत्या केली. तपन सिन्हांचा ‘एक डॉक्टर की मौत’ हा चित्रपट ज्यांनी पाहिला असेल, त्यांना पंकज कपूरचा चेहरा आठवेल. चित्रपटातला डॉक्टर वेगळ्या रोगावर काम करतो, पण त्यामागे हीच जखम आहे.

हर्षाच्या जन्मानंतर अकरा वर्षं ‘पहिली’चा मान परळकडे राहिला. १९९७ मध्ये आनंद कुमार कोलकात्याला गेले. तिथे मुखोपाध्यायांच्या हस्तलिखित नोंदी त्यांच्या हाती आल्या. त्यांनी त्या शास्त्रज्ञाच्या नजरेने तपासल्या, दुर्गाच्या आईवडिलांशी ते बोलले, आणि त्यांची खात्री पटली की हे खरं आहे. त्याच वर्षी त्यांनी ‘करंट सायन्स’मध्ये लेख लिहून जाहीर केलं की भारतातल्या पहिल्या टेस्ट ट्यूब बेबीचे शिल्पकार डॉ. सुभाष मुखोपाध्याय आहेत. स्वतःच्या संस्थेच्या, स्वतःच्या नावापुढचा मान त्यांनी स्वतःच्या हाताने खोडला. कुणी भाग पाडलं नव्हतं. ते गप्प बसले असते तर आजही शाळेच्या पुस्तकांत त्यांच्या गटाचंच नाव पहिलं राहिलं असतं. भारतीय विज्ञानात इतक्या मोठ्या मनाची उदाहरणं फार नाहीत, आणि या सगळ्या मागोव्यात मला सर्वांत मोलाची वाटते ती हीच गोष्ट. पुढे आयसीएमआरच्या मार्गदर्शक तत्त्वांतही मुखोपाध्यायांच्या कामाची दखल घेतली गेली. आनंद कुमार २०१० मध्ये गेले. एडवर्ड्स यांना नोबेल मिळालं तेही त्याच वर्षी. स्टेप्टो आणि पर्डी तोवर हयात नव्हते.

यामुळे परळचं काम छोटं होतं का? माझ्या मते अजिबात नाही. मुखोपाध्यायांकडे प्रतिभा होती, संस्थेचा आधार नव्हता. परळला तो होता: रुग्णालय, प्रयोगशाळा, सरकारी संशोधन परिषद, पायरीपायरीची नोंद. कुणी शंका घेतली तर कागद समोर ठेवता येत होते. १९८६ पासून हे तंत्र या देशात टिकलं आणि पसरलं ते या कागदांच्या बळावर. आणि तरी एक गोष्ट सांगितलीच पाहिजे. आज खराडीतल्या एखाद्या केंद्रात दहा-बारा दिवस इंजेक्शनं देतात, योनिमार्गाने बीजं काढतात, भ्रूण गोठवतात आणि पुढच्या किंवा त्यापुढच्या महिन्यात सोडतात. ही पद्धत ओल्डहॅमपेक्षा कोलकात्याच्या त्या प्रयोगाशी अधिक जुळते. ओल्डहॅमला १९७८ मध्ये ना इंजेक्शनं वापरली होती, ना भ्रूण गोठवला होता. ज्या डॉक्टरला खोटं ठरवलं, त्याचीच वाट जगाने पुढे धरली.

हिंदुजा १९८६ नंतर थांबल्या नाहीत. ४ जानेवारी १९८८ रोजी त्यांच्या हातून देशातलं पहिलं ‘गिफ्ट’ बाळ जन्मलं. या पद्धतीत बीज आणि शुक्राणू दोन्ही थेट नलिकेत सोडतात आणि फलन शरीरातच होऊ देतात. एक तरी नलिका चांगली असावी लागते. पुढे आयव्हीएफ सुधारलं तशी गिफ्ट पद्धत मागे पडली. पण २४ जानेवारी १९९१ ची नोंद जास्त दूरगामी ठरली. ज्यांची पाळी अकाली थांबली, ज्यांच्या बीजांडकोशात बीजच उरलं नाही, अशांसाठी दुसऱ्या स्त्रीचं बीज घेऊन त्यांनी बाळ जन्माला आणलं. भारतातलं हे या पद्धतीचं पहिलं. नात्याचे, रक्ताचे, कुळाचे सगळे प्रश्न इथून सुरू होतात, आणि ते अजून मिटलेले नाहीत. मुंबई विद्यापीठाची पीएच.डी.ही त्यांनी याच विषयावर, शरीराबाहेरचं फलन आणि भ्रूण प्रत्यारोपण यावर, केली. म्हणजे शस्त्र हातात घेणारी डॉक्टर प्रयोगशाळेचाही अभ्यास करत होती. २०११ मध्ये पद्मश्री मिळाली. मार्च २०१६ मध्ये, महाशिवरात्रीच्या दिवशी, हर्षाला मुलगा झाला. ते बाळंतपणही जसलोक रुग्णालयात डॉ. हिंदुजा यांनीच केलं. आयव्हीएफने जन्मलेल्या मुली मोठ्या झाल्यावर त्यांना मुलं होतील का, ही शंका कित्येक वर्षं विचारली जात होती. ती या बाळंतपणाने परळपुरती तरी मिटली.

१९९२ मध्ये ब्रुसेल्सहून बातमी आली की एकच शुक्राणू सुईने बीजात सोडून गर्भधारणा होते. या पद्धतीला ‘इक्सी’ म्हणतात. आपल्या समाजात या तंत्राने जे केलं त्याचं मोल मी फार मोठं मानतो. तोवर मूल होत नसेल तर दोष बायकोचाच, हे ठरलेलं असे. दुसरं लग्नही याच कारणाने होई. नवऱ्याची तपासणी करायचा विषयच निघत नसे. पुरुषातल्या दोषावर उपचार निघाला, तेव्हा कुठे पुरुष तपासणीला तयार होऊ लागले. अजूनही अनेक घरांत सासूला हे सांगत नाहीत. सांगायला हवं.

नव्वदच्या दशकानंतर हा उपचार सार्वजनिक रुग्णालयांच्या हातून निसटला आणि खासगीत गेला. यंत्रं महाग, माणसं शिकवायला वेळ लागतो, आणि सरकारी आरोग्याच्या प्राधान्यक्रमात वंध्यत्व कधी नव्हतंच. आता साखळी केंद्रं आहेत, गुंतवणूकदार आहेत, जाहिराती आहेत. जागतिक आरोग्य संघटनेने २०२३ मध्ये सांगितलं की जगात साधारण दर सहापैकी एका माणसाला आयुष्यात कधी ना कधी वंध्यत्वाला तोंड द्यावं लागतं. इतक्या लोकांचं दुःख बाजारावर सोडून द्यायचं, हा निर्णय कुणी बसून घेतला नाही. तो होऊ दिला गेला.

या तंत्राला एक काळी बाजू चिकटण्याचा धोका होता, आणि तो ओळखणारी माणसंही इथलीच होती. गर्भलिंग तपासणीविरुद्ध मुंबईत ऐंशीच्या दशकात चळवळ उभी राहिली आणि १९८८ मध्ये महाराष्ट्राने देशातला पहिला कायदा केला. केंद्राचा कायदा १९९४ चा. पण भ्रूण गर्भाशयात सोडण्याआधीच मुलगा-मुलगी निवडण्याची वाट मोकळी होती. पुण्याची ‘मासूम’, ‘सेहत’ आणि डॉ. साबू जॉर्ज यांनी २००० मध्ये सर्वोच्च न्यायालयात धाव घेतली, आणि २००३ पासून कायद्याने गर्भधारणेपूर्वीची निवडही गुन्हा ठरवली. हे लिहिताना एक गोष्ट मनात राहते: ओल्डहॅमची लुईस, कोलकात्याची दुर्गा, परळची हर्षा, तिघीही मुली.

चौथीही मुलगीच, आणि ती पुण्याची. कर्वे रस्त्यावरच्या गॅलेक्सी केअर रुग्णालयात डॉ. शैलेश पुणतांबेकर यांच्या चमूने मे २०१७ मध्ये भारतातलं पहिलं गर्भाशय प्रत्यारोपण केलं. सोलापूरच्या एका तरुणीला तिच्या आईने आपलं गर्भाशय दिलं. १८ ऑक्टोबर २०१८ रोजी, वडोदऱ्याहून आलेल्या आणि आईचंच गर्भाशय मिळालेल्या दुसऱ्या एका स्त्रीने तिथे मुलीला जन्म दिला. वजन १,४५० ग्रॅम. ज्या पोटात आई वाढली, त्याच पिशवीत तिची लेक वाढली. जगात अशी पहिली प्रसूती २०१४ मध्ये स्वीडनमध्ये झाली होती. पुण्याच्या चमूचं वैशिष्ट्य हे की दात्याचं गर्भाशय त्यांनी दुर्बिणीने काढलं. अशा शस्त्रक्रियेत भ्रूण आधी तयार करून गोठवून ठेवावे लागतात. म्हणजे दुर्बीण, शरीराबाहेरचं फलन, गोठवणं, ओल्डहॅम, परळ आणि कोलकाता, तिन्हींचं ज्ञान इथे एकत्र आलं.

आणि त्याच महाराष्ट्रात, २०१९ मध्ये, बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड बायकांच्या गर्भपिशव्या मोठ्या संख्येने काढल्या जात असल्याचं उघड झालं. डॉ. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली सरकारला समिती नेमावी लागली. पाळीचे चार दिवस खाडा पडू नये, दुखण्याचा कायमचा निकाल लागावा, म्हणून विशी-तिशीतल्या बायांनी पिशवी काढून टाकली. एका बाईला पिशवी बसवणारं आणि दुसऱ्या बाईची विनाकारण काढणारं वैद्यक एकाच राज्यात नांदतं. कौशल्य आहे, ते कुणापर्यंत पोचतं हा प्रश्न आहे.

वंध्यत्व उपचारांसाठीच्या २०२१ च्या कायद्याने, जो जानेवारी २०२२ पासून लागू झाला, निदान काही शिस्त आणली. नोंदणीशिवाय केंद्र चालवता येत नाही. उपचार घेणाऱ्या स्त्रीचं वय २१ ते ५०, पुरुषाचं २१ ते ५५. बीज देणारी स्त्री २३ ते ३५ वर्षांची हवी, ती आयुष्यात एकदाच बीज देऊ शकते आणि तिच्याकडून सातपेक्षा जास्त बीजं घेता येत नाहीत. राष्ट्रीय नोंदवहीकडे माहिती द्यावी लागते. पण खर्चाचं काय? गोव्याने २०२३ मध्ये बांबोळीच्या गोवा मेडिकल कॉलेजात आयव्हीएफ मोफत सुरू केलं. शिरोडकरांच्या भूमीने हे करावं याचा आनंद आहे. महाराष्ट्राने मात्र सदतीस वर्षं आधी, महापालिकेच्या रुग्णालयात, सुरुवात केली होती. प्रत्येक महसुली विभागात किमान एका सरकारी वैद्यकीय महाविद्यालयात हा उपचार परवडणाऱ्या दरात मिळालाच पाहिजे, आणि क्षयरोगाच्या कार्यक्रमात तरुण मुलींच्या ओटीपोटातल्या क्षयाचा शोध घेतलाच पाहिजे. दुसरं काम पहिल्यापेक्षा स्वस्त आहे आणि अनेक जणींना आयव्हीएफची वेळच येऊ देणार नाही.

तोवर खराडीत, हडपसरला, नाशकात, कुठेही या पायऱ्या चढणाऱ्यांना एवढंच सांगतो. नवरा-बायको दोघांची तपासणी एकाच वेळी करून घ्या. केंद्राची नोंदणी पाहा. पाटीवरची टक्केवारी कशाची आहे ते विचारा: चाचणी पॉझिटिव्ह आल्याची, सोनोग्राफीत ठोके दिसल्याची, की मूल घरी नेल्याची? सुरू झालेल्या प्रत्येक सायकलमागे, तुमच्या वयाच्या स्त्रियांमध्ये, जिवंत बाळं किती जन्मली, हा आकडा मागा. पस्तिशीनंतर तो उतरत जातो आणि चाळिशीनंतर झपाट्याने, हे डॉक्टरने पैसे घेण्याआधी सांगायला हवं. किती भ्रूण तयार झाले, किती गोठवले, त्याचे कागद स्वतःजवळ ठेवा. आणि हे सगळं लेखी घ्या.